सी. रामचंद्र यांच्यावरचा माहितीपट खेळकर करायचा, तर तो खेळ शोधावा कुठे?

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. मराठी वाहिनीसाठी आपण संगीतकार सी. रामचंद्र यांच्यावर बावन्न मिनिटांचा माहितीपट करीत आहात. वाहिनीला तो ‘खेळकर’ हवा आहे. आपल्या सल्लागारांपैकी एका ज्येष्ठ रसिकांना मात्र भीती वाटते, की खेळकरपणाच्या नावाखाली अण्णांचा, म्हणजे सी. रामचंद्रांचा, पोरखेळ होईल. शिवाय त्यांचे चित्रीकरण फारसे हाती नाही, आणि म्हणून एखादा अभिनेता घ्यावा की काय, या विचारात आपण आहात. मी अनेक वर्षे संगीतविषयक माहितीपटांचे संकलन करीत आलो आहे. त्या अनुभवावरून माझे मत सुरुवातीलाच स्पष्ट सांगतो. वाहिनीची मागणी योग्य आहे आणि ज्येष्ठांची भीतीही रास्त आहे. खेळकरपणा बाहेरून आणून चिकटवला, तर ती भीती खरी ठरेल. तो अण्णांच्या काम करण्याच्या रीतीतून काढला, तर भीतीला जागाच उरणार नाही.

बाहेरून चिकटवणे म्हणजे काय, ते आपण रोज पाहतो. उड्या मारणारी अक्षरे, छायाचित्रातल्या माणसाचे हलणारे ओठ, प्रत्येक किश्श्यानंतर वाजणारी विनोदी ‘टुंग’, आणि बाकी सारा वेळ सोफ्यावर बसून आठवणी सांगणारी माणसे. यांतल्या कशाचाही चित्रपटसंगीताशी संबंध नाही. हीच युक्ती क्रिकेटपटूवरच्या किंवा मिठाईवाल्यावरच्या कार्यक्रमातही तशीच चालेल. चित्रपट संगीतकाराचे वेगळेपण असे, की त्याची कला चित्र आणि ध्वनी यांच्या नात्यात जगते. माहितीपटही चित्र आणि ध्वनी यांचाच बनलेला असतो. म्हणजे ज्या साहित्यावर अण्णांनी आयुष्यभर काम केले, तेच साहित्य आपल्या संकलनाच्या टेबलावर आहे. चित्रकाराच्या किंवा कवीच्या चरित्रपटकाराला हे भाग्य लाभत नाही. त्या नात्याशी प्रेक्षकाला प्रत्यक्ष खेळू द्यावे, एवढेच माझे सांगणे आहे. पुढे जे लिहितो तो त्याचाच विस्तार आहे.

चित्रीकरण नाही, ही अडचण मानू नका. दूरचित्रवाणीवर संगीतकाराचे कल्पक चरित्र दाखवण्याची वाट ज्यांनी मोठी केली, त्या केन रसेल यांनी 1961 मध्ये बीबीसीच्या ‘मॉनिटर’ या कार्यक्रमासाठी प्रोकोफिएव्ह या रशियन संगीतकारावर माहितीपट केला. खऱ्या व्यक्तीच्या जागी नट उभा करणे तेव्हा बीबीसीला मान्य नव्हते. त्यामुळे रसेल यांना हात आणि पाण्यातले प्रतिबिंब एवढ्यावरच भागवावे लागले. पुढच्याच वर्षी एल्गार या इंग्रज संगीतकारावर त्यांनी केलेल्या चित्रपटात नट आले, पण त्यांना संवाद नव्हते. मॅल्व्हर्नच्या टेकड्यांवरून तट्टावर बसून दौडणारा मुलगा आणि त्यावर एल्गारचे तंतुवाद्यांचे संगीत, एवढेच दिसते, आणि त्या माणसाचे बालपण आपल्याला कळते. बंधनामुळे रसेल यांना संगीतालाच बोलते करावे लागले. आपल्यालाही तेच करायचे आहे.

प्रोकोफिएव्ह स्वतः मोठा चित्रपट संगीतकार होता, हे इथे विसरू नये. 1938 च्या ‘अलेक्झांडर नेव्हस्की’साठी त्याने ध्वनिमुद्रणातच खेळ मांडला. मंद आवाजाचे ‘बॅसून’ हे फुंकवाद्य मायक्रोफोनच्या अगदी जवळ ठेवायचे आणि दणदणीत पितळी वाद्ये दूर पाठवायची. शत्रूच्या रणशिंगांसाठी तुतारी थेट मायक्रोफोनमध्ये फुंकायची, म्हणजे आवाज फाटेल आणि कानाला बोचेल. ही माहिती निवेदकाने सांगितली तर पाच सेकंदांत विसरली जाते. स्टुडिओत एक वादक उभा करून मायक्रोफोन त्याच्यापासून लांब नेत नेत तोच स्वर ऐकवला, तर प्रेक्षक हसतो आणि त्याला कळतेही. माझ्या दृष्टीने खेळकर चरित्रपट म्हणजे हे. एखादी गोष्ट सांगण्याऐवजी ती करून दाखवण्यात जो आनंद असतो, तो प्रेक्षकाच्या वाट्याला यावा.

आता अण्णांकडे येऊ. पुणतांब्याला 1918 मध्ये जन्मलेले रामचंद्र नरहर चितळकर चित्रपटसृष्टीत एका नावाने वावरलेच नाहीत. संगीतकार म्हणून मुख्यतः सी. रामचंद्र, सुरुवातीच्या काही चित्रपटांत राम चितळकर, कुठे अण्णासाहेब, एके ठिकाणी श्यामू, आणि गायक म्हणून नुसते ‘चितळकर’. एका माणसाची ही पाच नावे हा आपल्या माहितीपटाचा आयता सांगाडा आहे. त्यासाठी ॲनिमेशनची गरज नाही. जुन्या श्रेयनामावल्या आणि चित्रपटगृहात मिळणाऱ्या गाण्यांच्या पुस्तिका शोधा. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात यासाठी काही दिवस काढावेत, असे मी आग्रहाने सांगेन. पुस्तिकेवरचे नाव पडद्यावर भरून दाखवा, त्या नावाखालचे संगीत वाजवा, आणि ही सारी एकाच माणसाची नावे आहेत हे लगेच सांगू नका. प्रेक्षकाला काही मिनिटे वाटू द्या, की हे वेगवेगळे लोक आहेत.

त्यातही ‘चितळकर’ हा गायक स्वतंत्र प्रकरण मागतो. ‘आझाद’ (1955) मधले ‘कितना हसीं है मौसम’ तलत महमूद यांनी गायचे होते, ते अखेर अण्णांनीच गायले, आणि असे गायले की अनेक श्रोते आजही ते तलतचे समजतात. हेच चितळकर ‘अलबेला’त (1951) ‘शोला जो भडके’ आणि ‘भोली सूरत दिल के खोटे’ गाताना भगवानदादांचा आवाज होतात. ‘पतंगा’तल्या (1949) ‘मेरे पिया गये रंगून’मध्ये शमशाद बेगम यांच्यासमोर टेलिफोनच्या दुसऱ्या टोकाला तेच असतात. ही चार गाणी चित्राशिवाय, काळ्या पडद्यावर, एकामागून एक ऐकवा आणि गायक कोण एवढेच विचारा. मग चित्र आणा: देखणे दिलीप कुमार, ठेंगणे भगवानदादा आणि विनोदी नट गोप. एकच कंठ तीन शरीरांना किती सहज बसतो, हे पाहताना अण्णांच्या प्रतिभेचा जो भाग उलगडतो, तो दहा मुलाखतींतून उलगडणार नाही. नटाच्या हालचालीत कुठे श्वास आहे आणि त्याचे शब्द कुठे संपतात, हे त्यांना आतून कळत असे. स्वतः सुरुवातीला पडद्यावर काम केल्यामुळेही ते आले असावे, असे मला वाटते.

माहितीपटाचा गाभा ‘अलबेला’वर बेतावा, असे माझे मत आहे. त्या एका चित्रपटात ‘शोला जो भडके’ही आहे आणि ‘धीरे से आजा री अँखियन में’ही आहे. एकात बाँगो, ओबो, ट्रम्पेट, क्लॅरिनेट, सॅक्सोफोन यांचा उसळता मेळ. दुसऱ्यात पिलू रागाच्या छायेतली अंगाई. गीतकार तेच राजेंद्र कृष्ण, वर्ष तेच, चित्रपट तोच. इथे संकलनाचा पहिला खेळ करा. ‘शोला जो भडके’चे दृश्य प्रथम पूर्णपणे निःशब्द दाखवा. भगवानदादांचे नृत्य अंगाने जड आणि पायाने हलके आहे. ते उड्या मारीत नाहीत. खांदा, मनगट आणि टाच यांवर तोलून उभे असतात. आवाज नसतानाही प्रेक्षकाचे बोट मांडीवर ठेका धरू लागते. मग फक्त तालवाद्ये आणा, नंतर पितळी वाद्ये, शेवटी आवाज. ठेका चित्रात होता की संगीतात, हा प्रश्न प्रेक्षकाच्या मनात आपोआप उभा राहतो, आणि अण्णा व भगवानदादा यांच्या जोडीचे मर्म तिथेच आहे. ‘सुखी जीवन’पासून, म्हणजे 1942 पासून, ही दोघे एकत्र काम करीत होती.

हे थर वेगळे करायचे कसे, हा तांत्रिक प्रश्न आपण विचाराल. त्या काळचे ध्वनिमुद्रण मोनो आहे, वाद्यांचे वेगळे ट्रॅक अस्तित्वात नाहीत. आज संगणकीय साधनांनी गायकाचा आवाज आणि वाद्यमेळ काही प्रमाणात अलग करता येतो, परंतु जुन्या ध्वनिमुद्रणात वाद्यांच्या कडा कुरतडल्यासारख्या होतात आणि झांजेचा आवाज पाण्याखालून आल्यासारखा वाटतो. म्हणून माझा सल्ला असा, की त्या साधनांचा उपयोग केवळ आपल्या अभ्यासासाठी करावा. पडद्यावर मात्र आजचे सहा-सात वादक बोलावून, त्यांच्याकडून तोच तुकडा थराथराने वाजवून घ्यावा आणि तो वाजवताना त्यांना चित्रित करावे. खर्च वाढेल, पण चित्रपटाला जिवंत माणसे मिळतील. नवे वादन कुठे संपते आणि मूळ ध्वनिमुद्रण कुठे सुरू होते, हे प्रेक्षकाला स्पष्ट दिसले पाहिजे. या बाबतीत लपवाछपवी करणे म्हणजे अण्णांच्या वादकांचे श्रेय बुडवणे होय.

दुसरा खेळ रागाचा. ‘अनारकली’तले (1953) ‘जाग दर्द-ए-इश्क जाग’ आणि ‘आझाद’मधले ‘राधा ना बोले ना बोले’ ही दोन्ही गाणी बागेश्रीवर आधारलेली. एक विरहाने ओथंबलेले, दुसरे नाचणारे आणि लटक्या रागाचे. एखाद्या चांगल्या गायिकेला पेटीसमोर बसवून पहिल्याच्या सुरावटीवरून दुसऱ्याच्या सुरावटीवर हळूहळू यायला सांगा. लय वाढते, ठेका बदलतो, स्वरांवरचा मुक्काम कमी होतो, आणि तोच राग हसू लागतो. इटलीच्या निनो रोटा या संगीतकाराच्या बाबतीत याचे जगप्रसिद्ध उदाहरण आहे. 1958 च्या ‘फॉर्च्युनेला’ या चित्रपटात चटपटीत, गमतीदार रीतीने वाजलेली सुरावट त्याने ‘द गॉडफादर’मध्ये संथ करून प्रेमधून म्हणून वापरली. ती आधीची आहे हे उघड झाल्यावर 1973 मध्ये त्याचे ऑस्करचे नामांकन रद्द झाले. रोटाचे नाव आपल्या माहितीपटात आणण्याची गरज नाही. पण दोन्ही तुकडे लागोपाठ ऐकून पाहा. लय आणि वाद्य बदलल्याने एखाद्या सुरावटीचा चेहरा किती बदलतो, याचा अंदाज संकलनाला बसण्यापूर्वी आपल्या कानाला आला पाहिजे.

मुलाखतींबद्दल. ज्याने वाद्य वाजवले त्याला खुर्ची देऊ नका, वाद्य द्या. ‘अण्णा कसे होते?’ असा प्रश्न विचारला, की ‘देवमाणूस’ या उत्तरापलीकडे काही मिळत नाही. ‘ही जागा कशी वाजवायची?’ असे विचारा आणि कॅमेरा बोटांवर ठेवा. अण्णांच्या पिढीचे वादक आता जवळजवळ उरले नाहीत, पण त्यांच्या हातून शिकलेली पुढची पिढी मुंबईत आणि गोव्यात आहे. गोव्याशी असलेला हा धागा सजावटीचा समजू नका. अण्णांनी पुण्यात विनायकबुवा पटवर्धन यांच्याकडे गाण्याचे शिक्षण घेतले, नागपूरला शंकरराव सप्रे यांच्याकडे घेतले, आणि पुढे सोहराब मोदींच्या मिनर्व्हा मुव्हीटोनमध्ये पेटीची साथ केली. ते सरगमीत विचार करणारे संगीतकार होते. ती सुरावट पाश्चात्त्य स्वरलिपीत उतरवून वीस-पंचवीस वादकांना वाटून देणारे हात बहुतेक गोव्याच्या वादकांचे होते. ‘अलबेला’त ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट, म्हणजे अँटोनियो झेवियर वाझ, आपल्या वाद्यवृंदासह पडद्यावरही दिसतात. ‘आशा’मधल्या (1957) ‘ईना मीना डीका’ची हकिगत अशी सांगितली जाते, की अण्णांच्या संगीतकक्षाबाहेर मुले खेळताना ‘ईनी मीनी मायनी मो’ म्हणत होती, त्यावरून ओळ सुचली, आणि गोव्याचे सहायक जॉन गोम्स यांनी त्यात ‘माका नाका’ हे कोकणी शब्द घातले. या प्रसंगाचे नाट्यरूपांतर करू नका, ते हमखास फसते. त्याऐवजी आजच्या एखाद्या वाड्यातल्या किंवा चाळीतल्या मुलांना ‘अटक मटक चवळी चटक’ म्हणत खेळू द्या, त्यांच्या टाळ्यांची लय नीट मोजा आणि तिच्याच एका टाळीवर गाण्यात उडी घ्या. निवेदनाचा एक शब्दही लागणार नाही.

राहुलदेव बर्मन यांच्यावरचे माहितीपट पाहून आपल्याला चमचे, पेले, बाटल्या दाखवण्याचा मोह होईल. ‘यादों की बारात’मधल्या (1973) पेल्याच्या किणकिणाटाने किंवा ‘शोले’तल्या (1975) बाटलीत फुंकलेल्या आवाजाने पंचमदांचा खेळ डोळ्यांना दिसतो, कारण तो वस्तूंशी केलेला खेळ आहे. अण्णांचा खेळ कंठात, शिट्टीत आणि ठेक्यात आहे. ‘शहनाई’तल्या (1947) ‘आना मेरी जान संडे के संडे’मध्ये सॅक्सोफोन, गिटार, हार्मोनिका यांच्या जोडीला शिट्टी आहे, आणि ‘शाम ढले खिडकी तले’ तर शिट्टीवरच उभे आहे. म्हणून आपल्या माहितीपटात एक चांगला शिट्टी वाजवणारा माणूस असलाच पाहिजे. प्रत्येक संगीतकाराला त्याचा स्वतःचा खेळ द्यावा लागतो.

हक्कांबद्दल थोडक्यात सांगतो, कारण खेळकर संकलनात तुकडे जास्त वापरले जातात. भारतीय कायद्यानुसार चित्रपट आणि ध्वनिमुद्रण यांचे हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षापासून साठ वर्षे टिकतात. त्या हिशेबाने ‘अलबेला’चे 2011 अखेर आणि ‘आझाद’चे 2015 अखेर संपले. चाल आणि शब्द यांचे हक्क मात्र कर्त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षे टिकतात. अण्णा 1982 मध्ये गेले, राजेंद्र कृष्ण 1987 मध्ये. म्हणजे ते हक्क अनुक्रमे 2042 आणि 2047 अखेरपर्यंत जिवंत आहेत. ते आज कोणाकडे आहेत, हे शोधून लेखी परवानगी घ्यावी लागेल, आणि नव्याने वाजवून घेतलेल्या तुकड्यांनाही ती लागेल. वकिलांचे पत्र चित्रीकरणापूर्वी हाती असू द्या.

आता खेळ कुठे थांबवायचा, ते पाहू. 27 जानेवारी 1963 ला नवी दिल्लीत, चीनबरोबरच्या युद्धाची जखम ताजी असताना, पंडित नेहरूंसमोर लता मंगेशकर यांनी ‘ऐ मेरे वतन के लोगों’ गायले. शब्द कवी प्रदीप यांचे, चाल अण्णांची. या गाण्यापाशी निःशब्द दृश्ये, थर, तुलना यांतले काहीही नको. मात्र त्याच्या आधी ‘ईना मीना डीका’ आणि नंतर लगेच हे गाणे, असा धक्का देण्याचा विचार आपण करीत असाल तर तोही सोडा. त्या धक्क्याने दिग्दर्शकाची हुशारी दिसेल आणि गाणे हिरमुसेल. मध्ये ‘गीतगोपाल’ आणा. गदिमांच्या शब्दांना अण्णांनी दिलेल्या मराठी चाली प्रेक्षकाला गंभीरपणाकडे हळूहळू नेतील. ‘घरकुल’मधली गाणीही त्याच भागात बसतील. खासगी नातेसंबंधांविषयीच्या वदंता खेळाचे साहित्य होऊ शकत नाहीत. त्यांनी स्वतः ‘माझ्या जीवनाची सरगम’ या 1977 च्या आत्मचरित्रात जे लिहिले, ते त्यांचे म्हणणे आहे. त्यातला उतारा घ्यायचा तर हक्कधारकांच्या परवानगीने, त्यांचे म्हणणे म्हणूनच घ्यावा, आणि ज्या व्यक्ती उत्तर द्यायला आज हयात नाहीत त्यांच्याविषयीचा मजकूर वगळावा.

आपल्या ज्येष्ठ सल्लागारांना पहिला रफ कट दाखवण्याऐवजी संकलनाच्या खोलीतच बसवा आणि ‘शोला जो भडके’चा निःशब्द तुकडा त्यांना सर्वांत आधी दाखवा. रसिक माणूस आहेत. ठेका कुठे येतो हे ते आपल्याआधी ओळखतील आणि कदाचित काही जागा सुचवतीलही. त्या सूचना घ्या, कारण ज्याने ही गाणी प्रदर्शनाच्या काळात ऐकली त्याच्या कानाला पर्याय नाही.

अभिनेता घ्यायचाच असेल, तर चेहरा नको. पेटीवरचे हात घ्या, आणि तेही नटाचे न घेता खऱ्या पेटीवादकाचे घ्या, कारण भात्याचा हात खोटा असला की तो जाणकारालाच काय, कोणालाही कळतो. दूरदर्शनचे मुंबई केंद्र 2 ऑक्टोबर 1972 ला सुरू झाले, आणि अण्णा त्यानंतर नऊ-दहा वर्षे होते. तेव्हा तिथल्या संग्रहात लेखी अर्ज करून शोध घ्यावा. काही सापडले तर ते अखंड वापरा, त्याचे तुकडे करू नका. बावन्न मिनिटांत सात-आठ गाण्यांपेक्षा जास्त घेऊ नयेत. त्यांतले एक तरी पहिल्या स्वरापासून शेवटच्या स्वरापर्यंत, निवेदनाशिवाय आणि कोणाच्याही आठवणीशिवाय ऐकवावे. मी ‘धीरे से आजा री’ निवडेन, आणि ते शेवटी न ठेवता पस्तिसाव्या मिनिटाच्या आसपास ठेवेन, म्हणजे त्यानंतरची सतरा मिनिटे प्रेक्षक आपल्या मागे न लागता अण्णांच्या मागे जाईल.